मुद्दल, व्याज आणि न्याय

वर्तमानपत्राच्या आतल्या पानांवर, जिथे आपली नजर सहसा फार वेळ रेंगाळत नाही, तिथे बारीक टाइपातल्या काही चौकटी असतात. ‘ताबा नोटीस’, ‘जाहीर लिलाव’, ‘जप्तीची नोटीस’ असे त्यांचे मथळे. खाली कर्जदाराचे नाव, जामीनदारांची नावे, गाव, गट नंबर किंवा फ्लॅटचा क्रमांक, चतुःसीमा आणि मग रक्कम. रकमेच्या शेजारी ठरलेले चार शब्द : ‘आणि त्यावरील पुढील व्याज’. बँकेच्या नोकरीत अशा चौकटींचा मजकूर मी शेकडो वेळा तपासला, स्वल्पविराम आणि शून्ये मोजली. निवृत्तीनंतर कथा-कादंबऱ्यांच्या नादी लागलो, तेव्हा जाणवले की या चार शब्दांत एका घराची सबंध कादंबरी मावते.

कर्ज घेतले होते पाच लाखांचे, भरले तीन लाख, तरी नोटीस आली आठ लाखांची. असे कसे? हा प्रश्न घेऊन माणसे निवृत्त अधिकाऱ्याच्या घराची पायरीही चढतात. त्यांचा पुढचा प्रश्न ठरलेला असतो : ‘साहेब, कोर्टात गेलो तर व्याज माफ होईल का?’

या प्रश्नाचे प्रामाणिक उत्तर ‘नाही’ असे आहे. पण ‘कोर्टात गेलो तर व्याज कमी होईल का?’ असे कोणी विचारले, तर उत्तर कधीकधी ‘हो’ असे येते. माफी आणि दुरुस्ती या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. पहिलीसाठी न्यायालयात जाणारा बहुधा रिकाम्या हाताने परततो. दुसरीसाठी जाणाऱ्याच्या हाती काही लागू शकते, मात्र तो वेळेवर आणि कागद घेऊन गेला पाहिजे. सहकारी बँकेच्या कर्जदारासाठी हा फरक समजून घेणे फार मोलाचे आहे. कारण पणाला लागलेले असते राहते घर, आणि पुष्कळदा जामीन राहिलेल्या मेहुण्याचेही.

साहुकाराच्या वहीपासून

व्याजाचे भांडण आपल्याकडे नवे नाही. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे गावच्या बाजारात शेतकऱ्यांनी सावकारांच्या घरांवर आणि दुकानांवर चाल केली. पुणे आणि नगर जिल्ह्यांतल्या कितीतरी गावांत ते लोण पोहोचले. या दंग्याची गंमत अशी, की लोकांचा राग माणसांपेक्षा कागदांवर अधिक होता. कर्जरोखे आणि खतावण्या बाहेर काढून त्यांची होळी करण्यात आली. आपण किती घेतले, किती फेडले आणि किती उरले हे सांगणारा एकमेव कागद सावकाराकडे होता, आणि त्या कागदावर शेतकऱ्याचा विश्वास उरला नव्हता.

सरकारने चौकशी आयोग नेमला आणि १८७९ मध्ये दख्खन शेतकरी कर्जनिवारण कायदा आला. प्रथम तो पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चार जिल्ह्यांना लागू झाला. या कायद्याने न्यायाधीशाला एक विलक्षण अधिकार दिला. रोख्यावर काय लिहिले आहे तेवढ्यावर न थांबता कर्जाचा सारा इतिहास उकरून पाहायचा, मुद्दल आणि व्याज यांची वेगवेगळी खाती मांडायची, थकलेले व्याज मुद्दलात मिसळू द्यायचे नाही, आणि व्याजाची एकूण रक्कम मुद्दलापेक्षा जास्त होऊ द्यायची नाही. हे शेवटचे तत्त्व म्हणजे आपल्या जुन्या धर्मशास्त्रातले दामदुप्पट. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांनी याच कायद्याखाली न्यायाधिकारी म्हणून काम केले. गावोगावच्या कर्जाच्या नोंदी इतक्या जवळून पाहिलेला दुसरा अर्थशास्त्रज्ञ त्या काळी क्वचितच असेल.

सहकार हे याच प्रश्नाचे दुसरे उत्तर. बडोद्यात विठ्ठल लक्ष्मण ऊर्फ भाऊसाहेब कवठेकर यांच्या पुढाकाराने १८८९ मध्ये अन्योन्य सहायकारी मंडळी स्थापन झाली. आपणच आपल्यात पैसे जमवायचे आणि गरजूला माफक व्याजाने द्यायचे, ही ती कल्पना. १९०४ मध्ये सहकारी पतसंस्थांचा कायदा झाला. पुढे नागरी बँका, जिल्हा मध्यवर्ती बँका, गावच्या विकास सोसायट्या असे जाळे पसरले. तरीही स्वातंत्र्यानंतर गोरवाला समितीने ग्रामीण पतपुरवठ्याची पाहणी केली, तेव्हा शेतकऱ्याच्या एकूण कर्जात सहकाराचा वाटा जेमतेम तीन टक्के निघाला. साहुकार खरा हलला तो त्यानंतर.

थोडक्यात, सहकारी बँक जन्माला आली ती साहुकाराच्या वहीला पर्याय म्हणून. म्हणूनच तिच्याविरुद्ध व्याजाची तक्रार घेऊन कर्जदार कोर्टाची पायरी चढतो, तेव्हा ते नेहमीचे दिवाणी भांडण राहत नाही. कर्जदार हा तिथे ग्राहक असतोच, पण सभासदही असतो. कर्जाबरोबर त्याने भाग घेतलेले असतात, वार्षिक सभेचे बोलावणे त्याच्या घरी येते, अध्यक्ष त्याच्या गल्लीतले असतात. राष्ट्रीयीकृत बँकेचा व्यवस्थापक तीन वर्षांनी बदलून जातो. सहकारी बँकेचा संचालक पुढच्या लग्नात शेजारच्या खुर्चीवर भेटतो. ओळखीमुळे कर्ज लवकर मिळते, आणि ओळखीमुळेच कर्जदार खातेउतारा मागायला लाजतो.

दार कुठे बंद, कुठे उघडे

‘व्याजाचा दर फार आहे हो,’ असे न्यायाधीशांना सांगून उपयोग होत नाही, हे प्रथम लक्षात घ्यावे. एकेकाळी होत असे. १९१८ च्या जुलमी व्याजाच्या कायद्याने न्यायालयांना अवाजवी व्याजाचे व्यवहार पुन्हा उघडून पाहण्याची मुभा दिली होती. पण बँकिंग नियमन कायद्यात कलम २१-अ घालण्यात आले आणि १९८४ पासून बँकांपुरते ते दार लागले. व्याजदर जास्त आहे एवढ्याच कारणासाठी बँक आणि कर्जदार यांच्यातला व्यवहार न्यायालयाला पुन्हा उघडता येत नाही. १९६६ पासून हा बँकिंग कायदा काही फेरफारांसह सहकारी बँकांनाही लागू आहे.

पण दाराला फटी आहेत. १९९४ मध्ये कॉर्पोरेशन बँकेच्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले, की रिझर्व्ह बँकेने घालून दिलेल्या मर्यादेबाहेर जाऊन बँकेने व्याज लावले असेल, तर त्याची दखल न्यायालय घेऊ शकते. शेतीकर्जावर दर तिमाहीला व्याज मुद्दलात मिळवणे गैर आहे, हेही त्यात आले. शेतकऱ्याच्या हाती पैसा पीक निघाल्यावर येतो, मार्च-जून-सप्टेंबरच्या अखेरीस येत नाही, ही साधी गोष्ट त्यामुळे कायद्याच्या भाषेत नोंदली गेली.

दुसरा महत्त्वाचा निकाल १८ ऑक्टोबर २००१ चा, सेंट्रल बँक ऑफ इंडियाच्या खटल्यातला, आणि तो घटनापीठाचा आहे. करारात तसे असेल आणि बँकिंगची रूढ पद्धत असेल, तर थकलेले व्याज ठरावीक काळाने मुद्दलात मिळवता येते, असे न्यायालयाने मान्य केले. म्हणजे चक्रवाढ व्याज हा गुन्हा नव्हे. पण दंडव्याजाची गोष्ट वेगळी. ते हप्ता चुकल्याची शिक्षा आहे. ती एकदाच करायची. दंडव्याज मुद्दलात मिळवून त्यावर पुन्हा व्याज घेणे सार्वजनिक धोरणाच्या विरुद्ध आहे, असे घटनापीठाने सांगितले.

तिसरा निकाल १६ फेब्रुवारी २०१८ चा. शेतकऱ्यांच्या कर्जनिवारणाचा विषय राज्यघटनेने राज्यांकडे दिला आहे. म्हणून एखाद्या राज्याचा कर्जनिवारण कायदा बँकांच्या शेतीकर्जालाही लागू होत असेल, तर तिथे २१-अ ची आडकाठी चालणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले. आपल्याकडे महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० मध्ये कलम ४४-अ आहे. पंधरा वर्षांपर्यंत मुदतीच्या ठरावीक शेतीकर्जांवर सहकारी संस्थेला मुद्दलापेक्षा अधिक रक्कम व्याजापोटी वसूल करता येत नाही, असा त्याचा आशय. म्हणजे पुन्हा दामदुप्पटच! सुप्याच्या होळीतून निघालेले तत्त्व सहकाराच्या कायद्यात आजही जागे आहे. आणि गावच्या सोसायटीचे कितीतरी सभासद त्याबद्दल अनभिज्ञ आहेत.

दुकान, घर, कारखाना, गाडी यांच्या कर्जांना मात्र हे कलम लागत नाही. शहरातला कर्जदार ‘दामदुप्पट’ म्हणत कोर्टात गेला, तर त्याला परत पाठवले जाईल.

पाच लाखांचे तेरा लाख

कायदा बाजूला ठेवून जरा गणित करू. समजा, पाच लाखांचे कर्ज आहे, व्याज दरसाल १४ टक्के, आणि धंदा बसल्यामुळे सहा वर्षे एक पैसाही भरला गेला नाही. सरळ व्याजाने येणे होईल ९ लाख २० हजार. करारानुसार दरमहा व्याज मुद्दलात मिळवले, तर ११ लाख ५२ हजार. आता त्यावर दोन टक्के दंडव्याज लावले आणि तेही दरमहा मुद्दलात ढकलले, तर येणे जाते १२ लाख ९७ हजारांवर. हेच दंडव्याज वेगळ्या रकान्यात ठेवले, त्यावर पुन्हा व्याज घेतले नाही, तर रक्कम होते सुमारे १२ लाख ४६ हजार.

या शेवटच्या दोन आकड्यांमध्ये जवळपास ५२ हजारांचा फरक आहे. न्यायालयाकडून हक्काने मागता येते ती ही रक्कम. ११ लाख ५२ हजारांचे ९ लाख २० हजार करा, असे मागणे ही झाली विनंती. ती बँकेच्या संचालक मंडळापुढे करायची असते.

फरक ५२ हजारांचाच असला तरी तो किरकोळ नाही. त्यात आणखी भर पडते. नोटिशीचा खर्च, वकिलाची फी, मूल्यांकनाची फी, पेपरातल्या जाहिरातीचे बिल, विम्याचा हप्ता, हे सारे कर्जखात्याला नावे पडते आणि त्याच्यावरही व्याज धावू लागते. आमच्या शाखेत एक निवृत्त शिक्षक येत. भाच्याच्या कर्जाला ते जामीन होते. भाचा गाव सोडून गेलेला. गुरुजींनी शाळेच्या चौरेघी वहीत पहिल्या हप्त्यापासूनची प्रत्येक पावती तारीखवार उतरवली होती. एके दिवशी त्यांनी खातेउतारा आणि वही शेजारी शेजारी ठेवून दाखवले, की एकाच विम्याचा हप्ता दोनदा नावे पडला आहे आणि एक भरणा तीन महिने उशिरा जमा दाखवला आहे. तपासणी झाली, व्याज पुन्हा मोजले गेले, अडतीस हजार रुपये कमी झाले. सहकार न्यायालयात तारीख पडण्यापूर्वीच ते मिटले. गुरुजींनी उरलेली रक्कम निवृत्तिवेतनातून फेडली. ‘मी सवलत मागितलीच नव्हती, फक्त बेरीज बघा म्हटले होते,’ एवढेच ते म्हणाले.

दंडव्याजाच्या बाबतीत आता नियमही बदलला आहे. रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी परिपत्रक काढले. हप्ता चुकल्याबद्दल दंड घ्यायचा तर तो ‘दंडात्मक आकार’ म्हणून घ्यावा, तो वाजवी असावा, व्याजदरात मिसळू नये आणि त्यावर पुढे व्याज लावू नये, असे त्यात बजावले. नागरी सहकारी बँकांनाही हे लागू आहे. नव्या कर्जांसाठी १ एप्रिल २०२४ पासून याची अंमलबजावणी सुरू झाली आणि जुनी कर्जे ३० जून २०२४ पर्यंत नव्या पद्धतीवर आणायची होती. कर्जदाराने आपल्या उताऱ्यात या तारखांच्या अलीकडचे आणि पलीकडचे आकडे ताडून पाहावेत.

एकशे एकचा दाखला

सहकारी बँकेच्या वसुलीचा सरळ रस्ता आपल्या सहकार कायद्याच्या कलम १०१ मधून जातो. बँक उपनिबंधकांकडे अर्ज करते, चौकशी होते आणि वसुली दाखला मिळतो. बँकेच्या बोलीत ‘एकशे एक काढला’ म्हणतात. या दाखल्यातली रक्कम कायद्याच्या दृष्टीने थकबाकीचा निर्णायक पुरावा ठरते. मग विशेष वसुली अधिकारी येतो, जप्ती होते, लिलाव पुकारला जातो.

खरी मेख इथे आहे. दाखला निघण्यापूर्वी उपनिबंधकांपुढे कर्जदाराला म्हणणे मांडता येते. हिशेब चुकला आहे, दंडव्याज मुद्दलात घातले आहे, अमुक भरणा जमा नाही, हे तेव्हा लेखी सांगायचे असते. पण नोटीस आली की पुष्कळ घरांत ती देवघराच्या फळीवर किंवा कपाटातल्या पिशवीत जाते. यंत्रमागाचा धंदा करणाऱ्या एका गृहस्थांनी माझ्यापुढे अशी पिशवी रिकामी केली होती. आत सात लखोटे होते, सातही न उघडलेले. ‘उघडून काय करणार, पैसे तर नव्हते,’ असे त्यांचे म्हणणे. दाखला केव्हाच निघाला होता. आता तो रद्द करून घ्यायचा तर कलम १५४ खाली पुनरीक्षण अर्ज करावा लागतो, आणि तो दाखल करून घेण्यापूर्वी एकूण येणे रकमेच्या निम्मी रक्कम भरावी लागते. ज्याच्याकडे हप्त्याला पैसे नाहीत, त्याने निम्मी रक्कम आणायची कुठून? चौकशीच्या वेळी दोन पानांच्या अर्जाने जे झाले असते, त्याला आता लाखो रुपये लागतात.

दुसरा रस्ता २००२ च्या सरफेसी कायद्याचा. तारण मालमत्ता न्यायालयात न जाता ताब्यात घेण्याचा अधिकार त्याने बँकांना दिला. सहकारी बँकांना तो लागू आहे की नाही यावर वर्षानुवर्षे वाद चालला. अखेर कोल्हापूर जिल्ह्यातल्या मुरगूडच्या एका सहकारी बँकेच्या खटल्यात ५ मे २०२० रोजी घटनापीठाने निकाल दिला, की सहकारी बँकांनाही तो वापरता येतो. या कायद्यात साठ दिवसांची मागणी नोटीस असते. तिला कर्जदाराने हरकत घेतली, तर बँकेने पंधरा दिवसांत कारणांसह उत्तर दिले पाहिजे. पुढे ताब्याच्या कारवाईविरुद्ध पंचेचाळीस दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे जाता येते. मुळात यासाठी येणे रकमेच्या ७५ टक्के भरण्याची अट होती. ती सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये रद्द ठरवली. शेतजमिनीला हा कायदा लागत नाही, हेही ध्यानात असावे. इथेही सगळा खेळ तारखांचा आहे.

आणि जामीनदार? कराराच्या कायद्यात जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच असते. ‘आधी त्याच्याकडून वसूल करा, मग माझ्याकडे या,’ असे त्याला सहसा म्हणता येत नाही. सहीपुरता म्हणून नेलेला माणूस लिलावाच्या चौकटीत कर्जदाराच्या खालच्याच ओळीत छापला जातो. घरातल्या बाईला तर घर गहाण आहे हे पुष्कळदा भिंतीवर चिकटवलेल्या नोटिशीवरूनच कळते. ज्या घरात कर्जाचे कागद दोघांनी वाचलेले असतात, त्या घरात लखोटे फोडले जातात, असा माझा अनुभव आहे.

माफीची आशा

गेल्या काही वर्षांत ‘कोर्टाने व्याज माफ केले’ अशा वार्ता कानावर आल्या, त्यांचे मूळ पाहिले पाहिजे. कोरोनाच्या साथीत १ मार्च ते ३१ ऑगस्ट २०२० या सहा महिन्यांत हप्ते पुढे ढकलण्याची मुभा मिळाली होती. त्या काळातले व्याजच माफ करा, अशी मागणी घेऊन आग्र्याचा एक गृहकर्जदार सर्वोच्च न्यायालयात गेला, आणि त्याच्यामागून अनेक उद्योगसंघटना गेल्या. केंद्र सरकारने ऑक्टोबर २०२० मध्ये दोन कोटींपर्यंतच्या कर्जदारांना चक्रवाढ आणि सरळ व्याजातला फरक देऊ केला. त्यात सहकारी बँकांचे कर्जदारही होते. २३ मार्च २०२१ रोजी अंतिम निकाल आला. व्याज सरसकट माफ करण्यास न्यायालयाने नकार दिला. बँकांनाही ठेवीदारांना व्याज द्यावे लागते, हे त्याचे एक कारण. मात्र त्या सहा महिन्यांपुरते व्याजावरचे व्याज आणि दंडव्याज कोणत्याही कर्जदाराकडून घेऊ नये, घेतले असेल तर पुढच्या हप्त्यात वळते करावे, असा आदेश दिला. म्हणजे इथेही माफी फेटाळली गेली आणि हिशेबाची दुरुस्ती झाली.

एकरकमी तडजोडीचेही तसेच. उत्तर प्रदेशातल्या बिजनौर अर्बन को-ऑपरेटिव्ह बँकेच्या एका कर्जदाराचा तडजोडीचा अर्ज बँकेने नाकारला. तारण विकून पूर्ण वसुली होऊ शकते, असे बँकेचे म्हणणे. अलाहाबाद उच्च न्यायालयाने अर्जाचा अनुकूल विचार करण्यास सांगितले. पण १५ डिसेंबर २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ते रद्द केले : एकरकमी तडजोड हा कर्जदाराचा हक्क नाही, आणि ती द्याच असे न्यायालय बँकेला सांगू शकत नाही. त्याच्या थोडेच आधी, नोव्हेंबर २०२१ मध्ये, तमिळनाडूचा निकाल लागला होता. तिथल्या सरकारने २०१६ मध्ये अल्प व अत्यल्प भूधारकांची सहकारी कर्जे माफ केली होती. मोठ्या शेतकऱ्यांनाही माफी द्या, असे उच्च न्यायालयाने २०१७ मध्ये म्हटले; सर्वोच्च न्यायालयाने ते मानले नाही. माफी कोणाला द्यायची हे धोरण सरकारने ठरवायचे.

मग विनंतीला अर्थच नाही का? आहे, आणि इथे बँकेच्या आतली एक गोष्ट सांगतो. खाते अनुत्पादक झाले, की न मिळालेले व्याज बँकेला उत्पन्नात धरता येत नाही. ते एका वेगळ्या निधीत नुसते मांडून ठेवतात. म्हणजे बारा लाखांच्या नोटिशीतले कित्येक लाख बँकेने नफा म्हणून कधी मोजलेलेच नसतात. मुद्दल आणि काही व्याज रोख मिळत असेल, तर शहाणे संचालक मंडळ ते घेते. सहकार खात्यानेही नागरी बँकांसाठी वेळोवेळी एकरकमी परतफेडीच्या योजना आणल्या आहेत. हाती रक्कम असताना, लिलावाच्या जाहिरातीआधी आणि लेखी प्रस्ताव देऊन गेलेल्या माणसाला तिथे मान मिळतो. तोंडी आश्वासन घेऊन परतलेल्याला पुढच्या संचालक मंडळात कोणी ओळखतही नाही.

ठेवीदाराची खुर्ची

या साऱ्या कथेत एक पात्र गप्प बसलेले असते. ते म्हणजे ठेवीदार. व्याज माफ करायचे ते कोणाच्या खिशातून? सहकारी बँकेला दूरदेशीचा मालक नसतो. कर्जदाराला सोडलेला रुपया त्याच गावातल्या विधवेच्या मुदत ठेवीतून, निवृत्त कारकुनाच्या बचतीतून, पतपेढीच्या गुंतवणुकीतून येतो. सप्टेंबर २०१९ मध्ये पंजाब अँड महाराष्ट्र को-ऑपरेटिव्ह बँकेवर निर्बंध आले, तेव्हा सुरुवातीला ठेवीदाराला सहा महिन्यांत अवघे एक हजार रुपये काढण्याची मुभा होती. मुंबईत त्या बँकेच्या दारात उभी राहिलेली म्हातारी माणसे आपण सर्वांनी पाहिली. ती बँक किरकोळ कर्जदारांच्या सवलतींनी बुडाली नव्हती. एका बड्या बांधकाम समूहाकडे अडकलेल्या आणि लपवलेल्या प्रचंड कर्जाने बुडाली होती. पुढे ठेवींचे विमासंरक्षण एक लाखावरून पाच लाख झाले, तरी त्या रांगेची आठवण पुसली जात नाही.

यातली विषमता बोचते. बड्या थकबाकीदाराचे वकील पहिल्या नोटिशीपासून उभे असतात. स्थगितीवर स्थगिती घेत तो वर्षे काढतो आणि अखेर व्याजात घसघशीत सूट घेऊन तडजोड करतो. किराणा दुकानदार मात्र कोर्टाला भिऊन दागिने मोडतो, दंडव्याजासह सारे भरतो आणि खातेउतारा मागायचे त्याच्या मनातही येत नाही. सहकारातला खरा अन्याय मला इथे दिसतो. न्यायालयांनी स्थगिती देताना काही रक्कम भरायला लावणे जितके योग्य, तितकेच बँकांनी छोट्या कर्जदाराला न मागता स्वच्छ, समजेल असा मराठी उतारा देणे योग्य. मुद्दल किती, व्याज किती, दंड किती, खर्च किती, हे चार रकाने वेगळे मांडायला संगणकाच्या या काळात बँकेला कितीसे कष्ट पडतात?

कर्जदारानेही काही गोष्टी अंगवळणी पाडाव्यात. करारपत्राची प्रत सही करतानाच मागून घ्यावी. वर्षातून एकदा उतारा घेऊन पावत्यांशी जुळवावा. चूक दिसली तर लेखी कळवून पोच घ्यावी. उत्तर नाही मिळाले, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे विनाशुल्क तक्रार करता येते. मोठ्या आणि मध्यम नागरी बँका त्या योजनेत येतात. जे देणे कबूल आहे ते भरत राहावे. हिशेबावर भांडणारा पण भरणारा माणूस आणि काहीच न भरणारा माणूस यांत न्यायाधीश चटकन फरक करतात. वकिलाकडे जाताना शेवटच्या नोटिशीबरोबर पहिल्या दिवसापासूनचे कागद न्यावेत. आणि वार्षिक सर्वसाधारण सभेला जावे. अहवालाच्या मागच्या पानांवर थकबाकीचे आणि तडजोडींचे आकडे असतात. कोणाला किती सूट मिळाली, हा प्रश्न विचारण्याचा हक्क सभासदाला आहे. जेवणाच्या कुपनासाठी सही करून परतणाऱ्यांच्या सभेत तो कोणी विचारत नाही.

‘विना सहकार नाही उद्धार’ हे वाक्य सहकारी संस्थांच्या भिंतींवर रंगवलेले असते. सुप्याच्या बाजारात वह्या जळाल्या, कारण त्या वाचून दाखवा म्हणण्याची सोय शेतकऱ्याला नव्हती. आज ती सोय आहे. बँकेच्या खिडकीवर आहे, उपनिबंधकांच्या कार्यालयात आहे, न्यायालयात आहे आणि वार्षिक सभेतही आहे. यातली पहिली खिडकी सर्वांत स्वस्त आणि सर्वांत जवळची. तिथे जाऊन ‘माझ्या खात्याचा पूर्ण उतारा द्या’ एवढे एक वाक्य बोलायला पैसे लागत नाहीत, वकील लागत नाही. ते वेळेवर बोलले गेले, तर पुष्कळ घरांना कोर्टाची पायरी चढावीच लागणार नाही.